नलूताईंचं ग्लिसरीन

गेल्या आठवड्यात आमच्या शाळेच्या ग्रुपवर कुणीतरी एक क्लिप टाकली. गल्लीच्या मधोमध एक पोरगी उभी आहे, पायाशी बॅग उपडी पडलेली, आणि ती रडते आहे. मालिकेत रडतात तशी नाही. नाकातून पाणी येतंय, ओठ वाकडा झालाय, श्वास घेताना घशातून आवाज निघतोय. खाली मैत्रिणींचं कौतुक: 'काय अभिनय आहे गं', 'अंगावर काटा आला', आणि जोडलेल्या हातांची रांग. फ्रेमच्या डाव्या कडेला एक खांदा दिसतो. निळ्या साडीतला, जाड, अगदी स्वस्थ. तो खांदा नलूताईंचा.

मी क्लिप पुसून टाकली. मग ग्रुपमधूनच बाहेर पडले. तेव्हापासून नलूताई डोक्यात बसल्यात, आणि लिहिल्याशिवाय उठतील असं दिसत नाही.

नलूताई हयात आहेत, ठणठणीत आहेत. माणसं गेल्यावर लोक त्यांच्यावर लिहितात, तेव्हा हात राखून लिहावं लागतं. मला ती अडचण नाही.

'पलीकडचं दार' नावाची आमची मालिका कोल्हापुरात चार वर्षं चालली. कळंब्याच्या पुढं एका कॉलनीतले चार बंगले भाड्यानं घेतलेले, मध्ये गल्ली, गल्लीच्या तोंडाला आमची जनरेटरची गाडी. मी संवाद लिहायचे. गोष्ट साधी होती. चार घरं, चार चुली, आणि रोजची भांडणं: गाडी कुणाच्या दारात लावली, कढीपत्ता कुणी तोडला, पाण्याची मोटर कुणी चालू ठेवली, जिन्यावरचा केर कुणी खाली लोटला. स्वतःच्या शेजाऱ्याला जे तोंडावर बोलता येत नाही, ते आमची माणसं रोज संध्याकाळी बोलायची, आणि लोक जेवता जेवता ते मिटक्या मारत बघायचे. त्यातली इंदूकाकू ही शेजारीण म्हणजे नलूताई. इंदूकाकूला दुसऱ्याचं बरं बघवत नसे. सगळ्यात जास्त पत्रं तिलाच यायची. म्हणजे शिव्यांची.

सेटवर नलूताईंची एक लोखंडी घडीची खुर्ची होती, तांबड्या कापडाची. ती घरून आणायच्या, घरी न्यायच्या. तिच्यावर कुणी बसायचं नाही. एकदा नवीन आलेला लाईटदादा दमून तिच्यावर टेकला. नलूताई त्याच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या, तो उठला, तशी त्यांनी खुर्ची उचलली, बागेच्या नळाखाली धरली आणि सगळ्या युनिटसमोर खसखसून धुतली. मग उन्हात उभी करून म्हणाल्या, "वाळू दे. कुणाला काय लागट बोलायला आपल्याला जमत न्हाई." तो बिचारा दुसऱ्या दिवशीपासून आलाच नाही.

प्रत्येकाला त्यांनी नाव ठेवलेलं. मी 'कारकून'. दिग्दर्शक सुहास 'घड्याळ', कारण तो सारखा मनगट बघायचा. माझे कागद हातात आले की चष्मा चढवून शांतपणे वाचायच्या आणि म्हणायच्या, "कारकून, हे वाचून रडू येतंय गं मला. कागदाची दया येतीया." मी चिडले की त्या खूश. एकदा मी म्हणाले, ताई, तुम्ही जरा गोड बोललात तर काय बिघडेल? तर म्हणाल्या, "खोटं बोलायचे तुला पैसे मिळत्यात. मला कोण देतंय?" त्यांच्या घरी कोण आहे, हे चार वर्षांत कुणाला कळलं नाही. विचारलं की म्हणायच्या, "का गं, रेशन कार्ड काढायचंय माझं?" जत्रांमधल्या नाटकांत त्यांनी उमेदीची वर्षं काढली होती एवढं ऐकून माहीत. आणि कामाला बाई जबरदस्त होती, ते कबूल करायलाच पाहिजे. मान नुसती वळवायची तरी समोरच्याला आपलं काहीतरी चुकलंय असं वाटायचं.

आता ग्लिसरीनचं सांगते.

मालिकेत रडायला ग्लिसरीन लागतं हे आता सगळ्यांना माहीत आहे. पण त्याला वेळ जातो. डोळ्यांत घाला, लाल होईपर्यंत थांबा, मेकअप ओघळला तो नीट करा. आणि आमच्याकडं वेळच नसायचा. पुढचे भाग आधी तयार करून ठेवतात त्याला बँक म्हणतात, आणि आमची बँक कायम रिकामी. सकाळी लिहायचं, दुपारी शूट करायचं, उद्या संध्याकाळी ते घराघरांत दिसणार. सुहास मनानं वाईट नव्हता, पण कायम घाईत होता. घाईतला माणूस वाईट माणसापेक्षा फार लांब नसतो, हे मला तिथंच कळलं.

माधवराव म्हणून आमचे एक नट होते. इंदूकाकूच्या नवऱ्याचं काम करायचे. साठीला टेकलेले, सज्जन गृहस्थ. एका सीनमध्ये त्यांना मुलाची जुनी सायकल भंगारवाल्याला देताना रडायचं होतं, आणि रडू येईना. ग्लिसरीननं डोळे लाल व्हायचे आणि चेहरा कोराच राहायचा. ऊन उतरत चाललेलं, सुहास मनगट बघून बघून कावलेला. तेव्हा नलूताई आपल्या जागेवरून हलल्या, माधवरावांच्या कानाशी वाकल्या, चार शब्द बोलल्या आणि परत जाऊन उभ्या राहिल्या. माधवराव असे काही रडले की भंगारवाल्याचं काम करणारा माणूस संवाद विसरून त्यांना धरायला धावला. तो टेक ओके झाला. सुहासनं टाळ्या वाजवल्या.

संध्याकाळी माधवराव मेकअपच्या खोलीत पंख्याखाली नुसते बसून होते. मी विचारलं, ताई काय म्हणाल्या? तर म्हणाले, "काही नाही. विचारलं, मुलगा फोन करतो का अजून? बास, एवढंच." त्यांचा मुलगा परदेशात होता आणि बापलेकाचं बोलणं तुटलं होतं. हे त्यांनी एकदा जेवताना नलूताईंना सांगितलेलं. "मन हलकं होईल म्हणून सांगितलं होतं हो," माधवराव म्हणाले. त्या दिवसापासून ते एकटे जेवायला लागले.

आणि सुहासला रस्ता सापडला. अडलं की म्हणायचा, "ताई, जरा सांगा की." युनिटमध्ये त्याला 'ताईंचं ग्लिसरीन' असंच नाव पडलं. खरी बाटली मेकअपदादाच्या पेटीत तळाला जाऊन बसली. ज्याला रडायचं असेल त्याच्या कानाशी ताई वाकायच्या, त्याच्या आयुष्यातलं नेमकं दुखरं काहीतरी सांगायच्या, आणि कॅमेरा सुरू व्हायचा. हे सगळं त्यांना ठाऊक कसं, तर त्या ऐकायच्या फार छान. जेवणाच्या सुट्टीत आपल्या डब्यातली खरडा-भाकरी पुढं करायच्या, मान डोलवायच्या, मध्ये एक शब्द बोलायच्या नाहीत. इतक्या शांतपणे आपलं ऐकणारं माणूस हल्ली मिळतं कुठं? लोक सांगून मोकळे व्हायचे, आणि नंतर महिनाभरानं गल्लीत दिव्याखाली उभे असताना तेच कानात परत यायचं.

अशात पल्लवी आली.

मलकापूरच्या अलीकडं, शाहूवाडीच्या भातखाचरांत तिचं गाव. बौद्ध कुटुंब, वडील लहानपणीच गेलेले, आई अंगणवाडीत मदतनीस, थोरला भाऊ नितीन टेम्पो चालवायचा. कॉलेजच्या एकांकिकेत कुणीतरी तिला बघितलं आणि आमच्याकडं शेजारच्या घरातल्या नव्या सुनेच्या कामाला घेतलं. सावळी, हाडकुळी, दात थोडे पुढं. पहिल्याच दिवशी नलूताईंनी तिला गल्लीतून चालायला लावलं आणि म्हणाल्या, "डोक्यावर भारा हाय व्हय तुझ्या? ठेव की खाली." सगळे हसले. पल्लवीही हसली, परत मागं गेली आणि परत चालली. मग परत. नलूताई खुर्चीवरून बघत होत्या. शेवटी म्हणाल्या, "बस हितं," आणि उठून तिला आपली तांबडी खुर्ची दिली. आमच्यापैकी कुणाचा विश्वास बसेना.

तेव्हापासून ती पोरगी त्यांची झाली. "रडताना तोंड झाकू नको, तोंडाचेच पैसे देत्यात." "पदराशी चाळा करू नको, पदर तुझ्यापेक्षा चांगलं काम करतोय." असलं शिकवणं. पल्लवी ते वहीत उतरवल्यासारखं मनात ठेवायची. आईला फोनवर सांगायची, ताईंनी आज असं शिकवलं, ताई आज असं म्हणल्या. आम्हाला ताईंची भीती वाटायची, तिला त्यांची माया लागली होती. मला तर रागच यायचा तिचा.

एकदा तिनं त्या खुर्चीवर बसून ताईंना आपल्या खोलीची गोष्ट सांगितली. कोल्हापुरात ती भाड्यानं खोली शोधत होती. एका ठिकाणी जमलं. मालकीणबाईनं चहा दिला, चावी हातात ठेवली, मग आडनाव विचारलं. मग गाव विचारलं. मग गावात घर कुठल्या बाजूला आहे ते विचारलं. आणि हात पुढं केला. "चावी द्या बघू इकडं. आमच्यात जुनी माणसं हायत हो, तुम्हालाच अवघडल्यासारखं व्हईल." पल्लवी सांगत होती आणि ताई तिच्या पेल्यात ताक ओतत होत्या.

आठवड्यानं तिचा रडायचा सीन आला. ताई वाकल्या, आणि मालकीणबाईच्या त्याच गोड आवाजात तिच्या कानात म्हणाल्या, "चावी द्या बघू इकडं." मी तीन हातांवर होते, मला ऐकू आलं. माझ्या हातातले कागद मी टेबलावर आपटले. पल्लवी मात्र कॅमेरा बंद होईपर्यंत रडली, मग डोळे पुसत माझ्याकडं आली आणि म्हणाली, "रागावू नका की. तिकडं फुकट रडलो, हितं पैसे तरी मिळाले."

पण दुखणीसुद्धा वापरून झिजतात. चावीचं दोनदा चाललं, तिसऱ्यांदा तिला हसू यायला लागलं. वडिलांचं झालं, शाळेत मागं बसवायचे त्याचं झालं. मग ताईंनी खोटं सुरू केलं. चॅनल तुला काढतंय, सुट्टी रद्द झाली, असलं काहीतरी. एक दिवस कानात म्हणाल्या, "घरनं फोन आलाय. आई पडली म्हणं." पल्लवी फ्रेम सोडून अनवाणी पळत सुटली. सेटवर बारक्या नटांचे फोन एका टोपलीत जमा करून घ्यायचे, गोष्ट फुटू नये म्हणून. टोपली उपडी करून तिनं आपला फोन काढला, घरी लावला. आई मजेत होती, दुपारचा पुन:प्रक्षेपणाचा भाग बघत होती. पल्लवी परत आली आणि म्हणाली, "ताई, आईचं नका सांगू." दिवसभर लांब बसली.

दोन दिवसांनी तीच ताईंपाशी गेली. सकाळपासून पाच टेक वाया गेले म्हणून सुहासनं तिला सगळ्यांसमोर झाडलं होतं. मी शेजारीच होते. म्हणाली, "आईचंच सांगा. दुसऱ्या कशानं येत न्हाई आता." ताईंनी चष्म्यावरून तिच्याकडं बघितलं. "बघ हं," एवढंच म्हणाल्या. तेव्हापासून ताईंच्या तोंडून ती बिचारी बाई कधी जिन्यावरून पडली, कधी दवाखान्यात गेली, कधी मेली. पल्लवी रडायची, टेक ओके व्हायचा, मग दोघी चहा प्यायच्या. बाहेरच्या माणसाला हे भयंकर वाटेल. आम्हाला त्यात काही वाटेनासं झालं होतं.

दिवाळीनंतर पल्लवीची आई खरोखर आजारी पडली. जुना दमा, त्यात हृदय कमजोर झालेलं. मलकापुरात दाखवलं, कोल्हापुरात दाखवलं, मग डॉक्टरांनी घरी न्यायला सांगितलं. पल्लवी दर सुट्टीला जाऊन यायची. आपला फोन टोपलीत असतो म्हणून तिनं नितीनला ताईंचा नंबर देऊन ठेवला. ताई मोठ्या कलाकार, त्यांचा फोन कुणी मागत नसे. "काय झालं तर ताईंना सांग, त्या मला लगेच सांगतील." इतक्या माणसांत तिला भरवशाचं माणूस हेच दिसलं.

तो दिवस फेब्रुवारीतला. सीन मोठा होता. इंदूकाकू शेजारच्या सुनेवर साखळी चोरल्याचा आळ घेते, सगळ्या गल्लीसमोर तिची बॅग ओतते, आणि ती पोरगी रडते. चॅनलचा निरोप आलेला की या आठवड्यात प्रेक्षकांचे आकडे हलले नाहीत तर सुनेचं काम आटोपतं घ्या. संध्याकाळपर्यंत सीन कापून मुंबईला पाठवायचा होता. जेवणाच्या सुट्टीत मी ताईंच्या समोर बसले होते. त्यांचा फोन वाजला. त्यांनी डाव्या हातानं उचलला, ऐकून घेतलं, म्हणाल्या, "बरं. सांगते." फोन पिशवीत ठेवला आणि भाकरीचा पुढचा तुकडा मोडला. सावकाश जेवल्या. ताट धुतलं. पल्लवी चार पावलांवर मेकअप नीट करून घेत होती.

फोन नितीनचा होता. आईचं काही खरं नाही, शुद्धीवर आहे, पोरीचं नाव घेते आहे, आत्ता निघाली तर भेट होईल. मलकापूरची वाट दीड तासाची. हे मला संध्याकाळी कळलं, पण तुम्ही आत्ताच ऐकून ठेवा.

सुट्टी संपली. दिवे लागले. बॅग ओतून झाली. सुहास म्हणाला, "ताई, जरा सांगा." ताई वाकल्या आणि पल्लवीच्या कानात म्हणाल्या, "भावाचा फोन आलाय. आई जायला लागलीया. तुझं नाव घेतीया. आत्ता निघालीस तर भेटशील."

पल्लवी रडली. तुम्ही क्लिपमध्ये बघितलं असेल. आमच्या मेकअपदादानं तोंड फिरवलं. सुहास ओरडला, "कट, ओके," आणि सगळ्या युनिटनं टाळ्या वाजवल्या. पल्लवीनं नाक पुसलं आणि ताईंकडं बघून हसली. "ताई, आज लई भारी सांगितलासा."

ताई म्हणाल्या, "खरं हाय ते."

"व्हय, व्हय," पल्लवी म्हणाली. "क्लोजला बी हेच सांगा. बदलू नका."

हे मी माझ्या कानांनी ऐकलं. सगळ्यांनी ऐकलं. लोक हसले. मीसुद्धा आपल्या कागदांत बघून गालातल्या गालात हसले असेन, कारण त्यात वेगळं काही नव्हतं. मग कॅमेरा जवळ आला. ताई परत वाकल्या. परत तेच सांगितलं, शब्द न बदलता. परत ती रडली. मग कॅमेरा पलीकडच्या बाजूनं लावला, त्याला तासभर गेला. तेव्हा तिसऱ्यांदा. मधल्या वेळात पल्लवी ताईंच्या खुर्चीवर बसून शेंगदाणे खात होती आणि ताई शेजारी उभ्या होत्या.

उन्हं कलल्यावर पॅकअप झालं. पल्लवीनं टोपलीतून फोन काढला. नितीनचे फोन येऊन गेले होते, एकावर एक. तिनं लावला. ऐकलं. फोन कानाला तसाच ठेवून ती वळली आणि ताईंच्या समोर येऊन उभी राहिली.

"ताई, ते खरं हुतं?"

"मी सांगितलं की तुला," नलूताई म्हणाल्या. "तीनदा सांगितलं."

"असं सांगत्यात व्हय?"

"मग कसं सांगत्यात? तू हसलीस."

पल्लवी या वेळी रडली नाही. प्रॉडक्शनच्या गाडीत तिला बसवलं, मेकअप तसाच, अंगावर सीनमधलीच साडी. गाडी गेली. मग मी ताईंपाशी गेले. मी विचारलं, दुपारी जेवताना फोन आला, तेव्हाच का नाही सांगितलं? सरळ बाजूला घेऊन, दोन शब्दांत?

ताई खुर्चीची घडी घालत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "तवा सांगितलं असतं तर निघाली असती. रडत रडत गेली असती मलकापुरापर्यंत. एवढं रडणं गाडीत वाया गेलं असतं, कारकून."

मी लेखिका आहे. माणसांच्या तोंडी वाक्यं घालणं हा माझा धंदा. पण हे वाक्य इंदूकाकूच्या तोंडी घालायची माझी हिंमत झाली नसती. चॅनलनं ते कापलं असतं, प्रेक्षकांना पटणार नाही म्हणून.

दुसऱ्या दिवशी भाग दाखवला गेला. आकडे हलले, चांगलेच हलले. सुहासनं पेढे आणले आणि मग आठवण होऊन ते गाडीत ठेवून दिले. सुनेचा ट्रॅक वाढवा असा चॅनलचा निरोप आला. पेढ्यांचं काय झालं माहीत नाही.

चौथ्या दिवशी नलूताई म्हणाल्या, "मला जायचंय पल्लवीकडं. कारकून, तू चल." मला त्यांच्याबरोबर एका गाडीत बसायचं नव्हतं, पण पल्लवीला भेटायचं होतं. वाटेत त्या नेहमीसारख्याच. ड्रायव्हरच्या गाण्यांना नावं ठेवली, बांबवड्याला उतरून चहा प्यायल्या आणि चहाला नावं ठेवली. मला वाटलं होतं, एखादा शब्द तरी बोलतील. मलकापूरचा रस्ता सोडून गाडी आत वळली तेव्हा फक्त पदर नीट केला.

घर लहान, पुढं ओसरीसारखा पत्र्याचा सोपा. सकाळची बुद्धवंदना होऊन गेली होती, मेणबत्त्यांचे थेंब अजून मऊ होते. शेजारच्या बाया बसून होत्या. दुःखाच्या घरी चूल पेटवायची नसते म्हणून त्याच पाळीपाळीनं भाकरी-आमटी घेऊन येत होत्या, कुणी किटलीभर चहा आणून ठेवलेला. ताई आत आल्या तशी कुजबूज झाली. इंदूकाकू आली, असं एका बाईनं दुसरीला सांगितलेलं मला स्पष्ट ऐकू आलं. पल्लवी भिंतीला टेकून बसली होती. तिनं आमच्याकडं बघितलं आणि थोडी सरकून जागा केली. ताईंनी तिच्या पाठीवर हात ठेवला. तिनं तो ठेवू दिला.

नितीन पुढं आला. तिशीतला, दाढी वाढलेली, डोळे सुजलेले. मला वाटलं, आता हा माणूस या बाईला हाताला धरून बाहेर काढणार, आणि काढावंच. मी त्या क्षणाची वाट बघत होते, खोटं कशाला बोलू? पण त्यानं ताईंसाठी कुठून तरी खुर्ची आणवली. स्वतः खाली बसला.

"लांबनं आलासा ताई. बरं वाटलं," तो म्हणाला. "तुम्ही मनाला लावून घेऊ नका. पल्लवीनं सांगितलंय आमाला. ताईंनी लगेच निरोप दिलता, मीच निघाले न्हाई, असं म्हणली. काम टाकून येता येत न्हाई, आमाला काय कळत न्हाई व्हय?"

मी पल्लवीकडं बघितलं. ती पायाच्या अंगठ्याकडं बघत होती. तिनं घरात खरं काय ते कुणाला सांगितलं नव्हतं, सगळं स्वतःवर घेतलं होतं. शेजारणीनं किटलीतून कप भरले, नितीननं पहिला कप उचलून ताईंच्या हातात दिला.

"आई शेवटपर्यंत रस्त्याकडंच बघत हुती," नितीन सांगायला लागला. "त्या खिडकीतनं गाडी दिसती वळणावर. मी म्हणलो, आई, फोन केलाय, पल्लवी येतीया. म्हणली, कुणाला केलास? म्हणलो, ताईंना. तशी माझ्यावरच चिडली बघा." तो कसंनुसं हसला, जरा ओशाळून. "रोज बघायची नव्हं मालिका. म्हणली, त्या बयेला कशाला सांगितलास? ती सांगायची न्हाई माझ्या पोरीला. मी लई समजावलं. म्हणलो, अगं आई, ते टीव्हीतलं असतंय, खऱ्यात ताई तशा न्हाईत. तर न्हाईच. सांगायची न्हाई, सांगायची न्हाई, असंच म्हणत गेली. आजारी माणूस, ताई. राग मानू नका."

पल्लवीनं मान वर केली आणि पहिल्यांदाच ताईंकडं सरळ बघितलं. नलूताईंच्या हातात कप तसाच होता.

"बरोबर वळखलं त्यांनी," त्या म्हणाल्या.

"असं कसं म्हणतासा ताई," नितीन म्हणाला, आणि किटली उचलून त्यानं त्यांच्या कपात आणखी थोडा चहा ओतला.